कीचकाचा वध आणि छाव्याची लेझीम

पत्रिकेवर आजचा विषय जरा भारदस्त छापलाय : ‘चित्रपटातील हिंसा आणि अभ्यवेक्षण’. अभ्यवेक्षण म्हणजे सेन्सॉर. पत्रिका करणाऱ्यांचा शब्द आहे तो, आम्ही आपले सेन्सॉरच म्हणणार.

विषय सुचला तो आमच्या नातवामुळे. २०२५ च्या फेब्रुवारीत ‘छावा’ लागला तेव्हा सगळं घर सिनेमाला गेलं. आमचा नातू दहा वर्षांचा. चित्रपटाला प्रमाणपत्र होतं ‘यूए १६+’. म्हणजे सोळाच्या आतल्या मुलांना पालकांच्या विचारानं दाखवा. आता पालकांनी काय विचार केला, तर ‘अहो, आपलाच इतिहास आहे, बघू दे की’. आम्हीही काही बोललो नाही. शेवटी संभाजी महाराजांचा छळ सुरू झाला. नखं, डोळे, मीठ, सगळं. शेजारची बाई पदर तोंडाशी धरून रडत होती, मागची पोरं घोषणा देत होती. आम्ही स्वतः दोनदा मान खाली घातली. सत्तरी ओलांडलेल्या माणसाला ते बघवत नव्हतं. नातू मात्र टक लावून बघत होता. बाहेर आल्यावर आम्हाला वाटलं, आता हा काहीतरी अवघड विचारणार. त्यानं विचारलं, “आजोबा, लेझीम कुठं गेली? फोनवर तर होती.”

बरोबर होतं त्याचं. जानेवारीत ट्रेलर आला त्यात महाराज लेझीम खेळताना दिसत होते. त्यावर आक्षेप आले, राजकीय नेते बोलले, प्रदर्शन रोखण्याचे इशारे निघाले. दिग्दर्शक लक्ष्मण उतेकर राज ठाकरे यांना भेटले आणि तो प्रसंग काढत असल्याचं जाहीर झालं. म्हणजे आमच्या दहा वर्षांच्या नातवानं काय पाहायचं हे ठरलं ते असं : लेझीम पाहायची नाही, छळ पाहायचा. आम्ही गाडीत बसून हाच विचार करत होतो, आणि घाट चढेपर्यंत आम्हाला कीचक आठवला. तिथूनच सुरुवात करू.

कृष्णाजी प्रभाकर खाडिलकरांचं ‘कीचकवध’ १९०७ मध्ये रंगभूमीवर आलं. कथा तुम्हा सर्वांना ठाऊक आहे. पांडव विराटाकडे अज्ञातवासात, द्रौपदी सैरंध्री होऊन राणीची दासी झालेली, आणि राणीचा भाऊ कीचक तिच्या मागे लागलेला. धर्मराज म्हणतो सबुरी धर, भीम म्हणतो आजच निकाल लावतो. प्रेक्षकांना एका क्षणात कळलं की कीचक म्हणजे लॉर्ड कर्झन, सैरंध्री म्हणजे हिंदभूमी, धर्मराज म्हणजे मवाळ आणि भीम म्हणजे जहाल. खाडिलकर ‘केसरी’तले, टिळकांचे सहकारी. लिहिताना त्यांना हे माहीत नव्हतं असं कोण म्हणेल? सरकारलाही कळलं, पण दोन-तीन वर्षं त्यांनी सोसलं.

मग २१ डिसेंबर १९०९ उजाडला. नाशिकचे कलेक्टर जॅक्सन यांची बदली झाली होती, त्यांच्या निरोपासाठी विजयानंद नाट्यगृहात प्रयोग होता. अनंत कान्हेरे या तरुणानं तिथंच त्यांच्यावर गोळ्या झाडल्या. नाटक कोणतं होतं? ‘संगीत शारदा’. देवलांचं. म्हातारा नवरा आणि कोवळी मुलगी, त्यातला अन्याय, गाणी, थोडा विनोद. शारदेत कुणाला चापटही मारत नाहीत हो! ज्या नाटकात हिंसेचा लवलेश नाही त्याच्या प्रयोगात खून झाला, आणि १९१० च्या सुरुवातीला बंदी कशावर आली, तर ‘कीचकवधा’वर. नाटकं बंद करण्याचा १८७६ चा कायदा हाताशी होताच. आम्ही तत्त्वज्ञान शिकवायचो तेव्हा कार्यकारणभावाच्या तासाला हे उदाहरण हमखास द्यायचो. पोरं हसायची. पण सरकारची बाजूही समजून घ्या. त्यांना रंगमंचावरच्या रक्ताची भीती नव्हती. नाटकात कीचक मेला काय नि जगला काय. त्यांना भीती होती ती अर्थाची.

आता दहा वर्षं पुढं या, कोल्हापुरात. बाबूराव पेंटर हे मूळचे चित्रकार, पडदे रंगवणारे. स्वतःचा कॅमेरा स्वतः जुळवून त्यांनी महाराष्ट्र फिल्म कंपनीचा पहिला चित्रपट काढला, ‘सैरंध्री’. ७ फेब्रुवारी १९२० ला पुण्याच्या आर्यन थिएटरात तो लागला. पुन्हा तोच कीचक, तोच भीम. लोकमान्यांनी तो पाहिला आणि बाबूरावांना ‘सिनेमा केसरी’ म्हणून गौरवलं. त्यात कीचकाचा वध इतका हुबेहूब दाखवला होता की थिएटरात किंकाळ्या उठल्या, बायका बेशुद्ध पडल्या असं त्या काळाच्या हकिकतींत येतं. आणि ते दृश्य कापायला लावलं गेलं.

इथं जरा थांबू या, कारण आमच्या मते सगळ्या विषयाची गोम इथं आहे. कथा एक, पात्रं तीच, मरणारा तोच. १९१० मध्ये त्यावर बंदी आली ती अर्थामुळे. १९२० मध्ये कात्री लागली ती दिसण्यामुळे. महाभारतात व्यासांनी हा वध कसा रंगवलाय आठवतं? भीमानं कीचकाचे हातपाय, डोकं सगळं धडात दडपून मांसाचा गोळा केला. आपल्याकडच्या आयाबाया देवळात पोथी ऐकताना हे शेकडो वर्षं ऐकत आल्या. कुणी बेशुद्ध पडलं नाही, उलट ‘बरी खोड मोडली मेल्याची’ म्हणून मोकळ्या झाल्या. तीच बाई पडद्यासमोर कोसळते. शब्द आणि चित्र यांतलं हे अंतर १९२० साली लोकांना आणि सरकारला एकदमच कळलं.

कायद्याचं बोलायचं तर सिनेमाचा पहिला कायदा १९१८ चा. त्यात अर्धी चिंता आगीची होती, हे फार लोकांना माहीत नसतं. तेव्हाची फिल्म भडकन पेट घ्यायची. अर्धी चिंता चित्रात काय आहे याची. १९२० मध्ये मुंबई, कलकत्ता, मद्रास, रंगून इथं सेन्सॉर मंडळं आली. एका ठिकाणचं प्रमाणपत्र देशभर चाले, पण जिल्हा दंडाधिकाऱ्याला आपल्या हद्दीत खेळ थांबवता येई. आपला बुलढाणा तेव्हा वऱ्हाडात, म्हणजे मध्य प्रांत आणि वऱ्हाडच्या कारभाराखाली. त्यामुळे मुंबईत पास झालेला बोलपट आपल्या साहेबाला खटकला तर मलकापुरात बंद. ‘भक्त विदुर’ या १९२१ च्या चित्रपटाचं असंच झालं. त्यातला विदुर गांधीजींसारखा दिसतो म्हणून मद्रास आणि कराचीत त्यावर बंदी आली. १९३० मध्ये प्रभातनं शिवचरित्रावर ‘स्वराज्याचे तोरण’ काढला तर ‘स्वराज्य’ या शब्दालाच हरकत, शेवटी झेंडा फडकवायलाही हरकत. नाव बदलून ‘उदयकाल’ केलं तेव्हा कुठं सुटका झाली. लढाया चालल्या, झेंडा चालला नाही.

आमची सिनेमाशी ओळख झाली ती जत्रेतल्या तंबूत. पन्नासच्या दशकाची अखेर असेल. मधे कनात, एका अंगाला बाया, एका अंगाला बाप्ये, समोर पडदा, मागं धडधडणारं इंजिन. ऑपरेटर गावोगाव फिरलेला, त्याला माणसं कळायची. समोर पाटील सहकुटुंब बसलेले दिसले की नाचाच्या एखाद्या जागी तो लेन्ससमोर पंजा धरायचा. पडदा काळा, गाणं चालू. पोरं शिट्ट्या मारायची. पण तलवारीला, गळा दाबण्याला, चाबकाच्या फटक्याला त्यानं कधी पंजा धरलेला आम्हाला आठवत नाही. तो आमचा पहिला सेन्सॉर बोर्ड! आणि आम्ही पुढं पाहिलेल्या बोर्डांपेक्षा फार वाईट नव्हता बिचारा. निदान कापलेलं नंतर जोडायची गरज नव्हती, हात काढला की झालं.

तुम्ही म्हणाल, सर तत्त्वज्ञानाचे, अजून प्लेटो आला नाही. येऊ द्या. प्लेटोच्या ‘रिपब्लिक’मध्ये लिओन्टियस नावाच्या माणसाची एक छोटी गोष्ट आहे. तो बंदराकडून शहरात येत असताना तटाच्या बाहेर, देहान्त शिक्षा दिलेल्यांची प्रेतं पडलेली त्याला दिसतात. बघावंसं वाटतं आणि किळसही येते. तोंड झाकतो, झगडतो, अखेर डोळे फाडून धावत जातो आणि आपल्याच डोळ्यांना शिव्या देत म्हणतो, घ्या मेल्यांनो, पोटभर बघून घ्या. अडीच हजार वर्षांपूर्वीचा हा गृहस्थ रस्त्यावर अपघात झाला की गाडी हळू करून काच खाली घेतो, आपण त्याला ओळखतो. आपल्या भरतमुनींना हे पक्कं माहीत असावं. नाट्यशास्त्रात युद्ध, मरण, नगराला पडलेला वेढा या गोष्टी अंकात समोर दाखवू नयेत, त्या दुसऱ्या पात्रांच्या तोंडून कळवाव्यात असा दंडक आहे. पण रौद्र आणि बीभत्स हे रस मात्र त्यांनी नाकारले नाहीत. भासानं तर ‘ऊरुभंगा’त दुर्योधनाला रंगमंचावरच मरू दिलं. म्हणजे दंडक होता आणि तो मोडणाराही मोठा नाटककार होता. दोघांत भांडण लागलं तर आम्ही भासाच्या बाजूनं, हे आत्ताच सांगून टाकतो.

स्वातंत्र्यानंतर १९५२ चा कायदा आला, तोच मूळ पाया अजून आहे. त्याला पहिलं मोठं आव्हान दिलं ख्वाजा अहमद अब्बास यांनी. ‘चार शहर एक कहानी’ हा त्यांचा छोटासा माहितीपट, पाव तासाचा. त्यात मुंबईच्या वेश्यावस्तीची काही दृश्यं होती. मंडळानं प्रौढांसाठीचं प्रमाणपत्र देऊ केलं, अब्बास सर्वोच्च न्यायालयात गेले. १९७० चा निकाल सरन्यायाधीश हिदायतुल्ला यांचा. हे हिदायतुल्ला नागपूर उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायमूर्ती होते, आणि १९५६ पर्यंत आपला जिल्हा मध्य प्रदेशात असल्यामुळे आपल्या जुन्या वकिलांना ‘आपले हायकोर्ट साहेब’ म्हणून ठाऊक होते. त्यांनी सांगितलं की चित्रपट इतर कलांपेक्षा माणसाला जास्त हलवतो, त्यामुळे दाखवण्याआधीची तपासणी घटनेत बसते. इथं अब्बास हरले. पण पुढं त्यांनी जे लिहिलं ते जास्त मोलाचं. विषयाला कात्री लावू नका, विषय कसा हाताळलाय ते पाहा. नादिरशहानं कवट्यांचे ढीग रचले असतील तर इतिहास सांगताना ते वगळायचे का, असा त्यांचा सवाल होता. ‘छावा’ पाहताना आम्हाला हे वाक्य आठवत होतं आणि त्याच वेळी मान खाली जात होती. दोन्ही खरं आहे.

‘शोले’चं सांगायलाच हवं, नाहीतर तुम्ही सोडणार नाही. १५ ऑगस्ट १९७५ ला तो लागला, आणीबाणीला दोन महिनेही झाले नव्हते. मूळ शेवट असा की हात तुटलेला ठाकूर खिळ्यांच्या बुटांनी गब्बरला तुडवून मारतो. सेन्सॉर म्हणालं, एकेकाळचा पोलीस अधिकारी कायदा हातात, म्हणजे पायात, घेतो हे चालणार नाही. मग शेवट पुन्हा चित्रित केला, ऐन वेळी पोलीस येतात. आमच्याकडे घाटाखाली चित्रपट आला तो बऱ्याच उशिरा. आम्ही नुकतेच नोकरीला लागलो होतो. पोलीस आल्यावर थिएटरात जो नाराजीचा सूर उमटला तो अजून कानात आहे. पन्नास वर्षांनी, २०२५ मध्ये, मूळ शेवटाची प्रत इटलीत बोलोन्याच्या महोत्सवात दाखवली गेली. पण आमच्या लेखी ‘शोले’तला खरा धडा वेगळा आहे. आपले सचिन पिळगावकर त्यात इमामसाहेबांचा पोरगा अहमद. त्याला मारण्याचा प्रसंग चित्रपटात नाही. गब्बर हातावरचा किडा चिरडतो, आणि पुढच्या दृश्यात घोड्यावरून त्या पोराचं प्रेत गावात येतं. घोड्याच्या टापा, आंधळा बाप, आणि कुणी काही बोलत नाही. भरतमुनी खूश झाले असते. न दाखवल्यामुळे धक्का कमी झाला असं कुणी म्हणणार नाही.

आता एक कबुली. ती दिल्याशिवाय बोर्डावर आणि झुंडीवर बोलायचा आम्हाला अधिकार नाही.

विजय तेंडुलकरांना सत्तरच्या दशकात नेहरू फेलोशिप मिळाली आणि ते हिंसेचा अभ्यास करत देशभर फिरले. त्याच्या आधी ‘गिधाडे’ आलं होतं. त्यात भावांच्या मारहाणीत एका स्त्रीचा गर्भ पडतो, त्याची खूण म्हणजे साडीवरचा लाल डाग. नाटकाच्या सेन्सॉरला लाल रंग नको होता. तर नाटकवाल्यांनी निळा डाग केला, आणि आधी प्रेक्षकांना सांगून टाकलं की आम्हाला लाल दाखवायला मनाई आहे, तुम्ही निळ्याला लाल समजा! डाग उलट जास्त लाल झाला. ‘सखाराम बाइंडर’ला ३२ ठिकाणी कात्री लावायला सांगितलं तेव्हा कमलाकर सारंग न्यायालयात गेले आणि लढले. हे सगळं आम्ही वर्गात रंगवून सांगायचो. आविष्कारस्वातंत्र्यावर आमच्यासारखं बोलणारा घाटावर नव्हता.

ऐंशीच्या दशकात आमच्या महाविद्यालयात आम्ही फिल्म क्लब चालवायचो. १६ एमएमची प्रिंट पुण्याहून यायची, एस.टी.नं, पत्र्याच्या डब्यात. एकदा ‘निशांत’ ठरवला. श्याम बेनेगल यांचा, पटकथा तेंडुलकरांची. जमीनदाराचे भाऊ शाळामास्तरच्या बायकोला पळवून नेतात. मास्तर दाद मागत फिरतो, कुणी ऐकत नाही. अखेर गाव उठतं आणि वाड्यावर तुटून पडतं, त्यात अपराधी मरतात, निरपराधही मरतात, ती बाईही वाचत नाही. नोटीस लागली आणि संस्थेतल्या एका ज्येष्ठ गृहस्थांनी बोलावलं. चहा दिला. म्हणाले, “सर, चित्रपट चांगला असेल, पण मुली असतात. आणि मास्तरच्या बायकोचं असं दाखवलेलं बरं दिसत नाही. तुम्ही समजूतदार आहात.” एवढंच. धमकी नाही, लेखी काही नाही. चित्रपटाला सरकारचं प्रमाणपत्र होतं. आम्ही खोलीत येऊन नोटिशीवर लिहिलं : ‘तांत्रिक कारणामुळे खेळ रद्द’. डबा न उघडता परत पाठवला.

दुसऱ्या दिवशी तिसऱ्या वर्षाची एक मुलगी आली. म्हणाली, सर, प्रोजेक्टर बिघडला का? आम्ही म्हटलं, हो. ती गेली. तिला माहीत होतं आणि आम्हाला माहीत होतं की तिला माहीत आहे. तिच्या गावात तिच्या नात्यातल्या बाईवर काय प्रसंग आला होता ते आम्हाला बऱ्याच वर्षांनी कळलं. ‘निशांत’ बघून तिला आधार मिळाला असता की जखम उघडी पडली असती, हे आम्ही आजही सांगू शकत नाही. पण ते ठरवायचं तिनं होतं. आम्ही लाल डागाचं कौतुक करणारे, आणि आमच्याकडून निळा डागसुद्धा लागला नाही.

पुढचा काळ भराभर सांगतो. १९८३ मध्ये बोर्डाच्या नावातला ‘सेन्सॉर’ गेला, ‘प्रमाणन’ आलं. लोक अजून सेन्सॉरच म्हणतात, कारण कात्री गेली नाही. ‘बँडिट क्वीन’चं प्रकरण १९९६ मध्ये सर्वोच्च न्यायालयात गेलं. तिथं न्यायालयानं म्हटलं की त्या बाईची विटंबना दाखवली ती प्रेक्षकाला चेतवायला नाही, अत्याचार करणाऱ्यांची चीड यावी म्हणून. हिदायतुल्लांचाच धागा. त्याउलट पुण्याच्या जोशी-अभ्यंकर हत्याकांडावरून सुचलेला अनुराग कश्यपचा ‘पाँच’ बोर्डाच्या आक्षेपांत अडकला आणि थिएटरात कधी आलाच नाही. आपल्या शेजारच्या परभणी जिल्ह्यातल्या मानवत हत्याकांडावर अमोल पालेकरांनी १९८१ मध्ये ‘आक्रीत’ केला, तेंडुलकरांचीच पटकथा. २०२४ मध्ये त्याच प्रकरणावर वेब मालिका आली, घरात बसून बघा. २०२२ मध्ये जयंत पवारांच्या कथेवरच्या महेश मांजरेकरांच्या चित्रपटावरून वादळ उठलं. गिरणगावातली उद्ध्वस्त पोरं, त्यांची हिंसा आणि वासना. राष्ट्रीय महिला आयोगानं पत्र लिहिलं, गुन्हा दाखल झाला. आम्हाला तो चित्रपट आवडला नाही. पवारांच्या कथेत गिरणी बंद पडल्याचं जे दुःख आहे ते पडद्यावर रक्तात बुडालं असं आमचं मत. पण न आवडणं ही टीका झाली. त्यासाठी पोलीस ठाणं कशाला हवं?

आणि ‘सैराट’. २९ एप्रिल २०१६. नागराज मंजुळे. शेवट तुम्हाला मी सांगायला नको. खून दाखवलेला नाही. दार लोटलेलं, आतून आवाज नाही, आणि ते पोर रक्तात पाय भिजवून बाहेर येतं, फरशीवर इवल्या पावलांचे ठसे. पडदा काळा होतो, गाणं नाही. आम्ही पाहिला त्या खेळाला तीन तास नाचणारी पोरं मिनिटभर जागची हलली नाहीत. नंतर चहाच्या टपरीवर मात्र ऐकलं, “काहून दाखवतेत असं? पोरी पळून जायला शिकतेत याच्यानं.” लक्षात घ्या, आक्षेप खुनाला नव्हता. पळून जाण्याला होता. शेवटच्या पाच मिनिटांतून कुणी मारायला शिकेल अशी काळजी त्या टपरीवर एकालाही वाटली नाही.

म्हणून पुन्हा लेझीम. ज्या दिग्दर्शकानं प्रसंग काढला त्याला आम्ही दोष देत नाही, शंभर कोटींवर पैसा अडकलेला माणूस आणि आमच्यासारखा चहा पिऊन परत आलेला प्राध्यापक, यांत आम्ही कोण बोलणार? आक्षेप घेणाऱ्यांच्या मनातही महाराजांविषयी प्रेमच होतं. आपला तर सिंदखेडराजाचा जिल्हा. जिजाऊंचं माहेर, संभाजीराजे त्यांचे नातू. आपल्याकडे हा विषय पुस्तकातला नाही, घरातला आहे. पण राजा लोकांबरोबर लेझीम खेळला तर त्याची उंची कमी होते, आणि त्याचे डोळे काढताना दहा वर्षांच्या पोरानं टक लावून बघितलं तर काही बिघडत नाही, हे आपण कोणत्या हिशेबानं ठरवलं? १९१० च्या सरकारला अर्थाची भीती होती. १९२० च्या सरकारला रक्ताची. २०२५ मध्ये रक्ताला आपण सरावलो आणि अर्थाला पुन्हा घाबरू लागलो, फरक एवढाच की आता घाबरणारं सरकार नाही, आपण आहोत. आणि अर्थाचं म्हणाल तर चित्रपटानंतर महिनाभरात, १७ मार्चला, नागपुरात दंगल झाली. औरंगजेबावरचा लोकांचा राग या चित्रपटानं पुन्हा वर आणला असं मुख्यमंत्र्यांनी विधानसभेत सांगितलं. चित्रपटामुळे दंगल झाली असं आम्ही म्हणणार नाही, शारदेचा खून विसरू नका. पण दृश्याला ताकद आहे हे हिदायतुल्ला म्हणाले होते, ते खोटं नव्हतं.

त्याच मार्चमध्ये आणखी एक गोष्ट घडली. बीड जिल्ह्यातल्या मस्साजोगच्या सरपंचांची डिसेंबरमध्ये हालहाल करून हत्या झाली होती. आरोपपत्रानंतर त्या छळाचे फोटो बाहेर आले आणि एका संध्याकाळीत आपल्या सगळ्यांच्या फोनवर पोहोचले. मारणाऱ्यांनीच काढलेले. त्याला ना यू, ना ए, ना सोळा प्लस. दुसऱ्या दिवशी मंत्र्याचा राजीनामा झाला. जे तीन महिन्यांच्या मोर्चांनी झालं नव्हतं ते फोटोंनी झालं. आम्ही ते उघडले, बंद केले, पुन्हा उघडले. लिओन्टियसच की आम्ही! त्या घरच्या माणसांनी ते फोटो कसे पाहिले असतील, हा विचार मागाहून आला, आधी यायला हवा होता. ते दाबून ठेवायला हवे होते का? नाही, न्यायासाठी ते पुढं यायलाच हवे होते. प्रत्येक पोराच्या फोनवर यायला हवे होते का? याला आमच्याकडे नियम नाही. बेनेगल समितीनं २०१६ मध्ये सुचवलं होतं की बोर्डानं कापू नये, फक्त कोणत्या वयासाठी ते सांगावं. आम्हाला ते पटतं. यूए ७, १३, १६ या नव्या पायऱ्या त्याच दिशेच्या आहेत. पण ती पायरी राखायची ती दारातल्या तिकीट फाडणाऱ्यानं की आजोबानं? ‘छावा’च्या दिवशी दोघांनीही राखली नाही.

‘सैरंध्री’ आज उपलब्ध नाही. बाबूरावांच्या मूकपटांतलं फारच थोडं उरलंय. कापलेलं दृश्य गेलं आणि न कापलेला चित्रपटही गेला. तेव्हा नातवाला तो दाखवायचा प्रश्नच नव्हता. हे व्याख्यान तयार करताना त्यानं विचारलं, कीचक कोण? रात्री अंथरुणावर आम्ही त्याला गोष्ट सांगितली. विराटाचा दरबार, सैरंध्रीचं रडणं, नृत्यशाळेतला अंधार, पलंगावर पांघरूण घेऊन पडलेला भीम. शेवटी भीमानं त्याला मारलं, असं म्हणून आम्ही थांबलो. मांसाचा गोळा आम्ही गाळला.

“कसं मारलं?” त्यानं विचारलं.

आम्ही म्हटलं, झोप आता. तर आतून आमच्या घरच्यांचा आवाज आला, “अहो, सांगा की त्याला नीट. गोळा केला त्याचा, गोळा!” आणि त्यांनी बाहेर येऊन हातवारे करून सगळं सांगितलं. त्या लहानपणापासून पोथी ऐकत आलेल्या. पोरगं खदखदून हसलं आणि दहा मिनिटांत झोपी गेलं.

चला, प्रश्न घेऊ. मागं हात वर दिसतोय.